मारेकरी ढेकणांचे कुल आणि माणसाची जात

सुत्तनिपातात वासेट्ठ सुत्त आहे. वासेट्ठ आणि भारद्वाज या दोन ब्राह्मण तरुणांत वाद पडतो की माणूस ब्राह्मण ठरतो तो जन्माने की कर्माने? दोघे भगवान बुद्धांकडे येतात. बुद्ध त्यांना आधी गवताकडे, झाडांकडे, किडे, पतंग, मुंग्या, चार पायांची जनावरे, साप, मासे, पक्षी यांच्याकडे पाहायला सांगतात. यांच्या अंगावर जन्मापासून वेगवेगळ्या खुणा असतात, म्हणून त्यांच्या जाती खऱ्या. माणसाच्या डोळ्यांत, कानांत, हातापायांत, रंगात किंवा आवाजात अशी खूण कोठेच नाही.

आता ही किड्यांची खूण म्हणजे नेमके काय, ते पाहण्यासाठी आम्ही या वेळी एकच कुल घेतले आहे. शास्त्रज्ञ त्याला रेड्युव्हिडी म्हणतात. दुसऱ्या किड्यांना मारून खाणारे म्हणून इंग्रजीत त्यांना असॅसिन बग हे नाव पडले. आपण मारेकरी ढेकूण म्हणू.

खुणा कोणत्या?

या किड्याचे डोके लांबट असते आणि डोळ्यांच्या मागे मानेसारखे बारीक होते. तोंडाच्या जागी जाड, वाकडी, तीन पेरांची सोंड असते. बहुतेकांच्या छातीखाली एक खाच असते आणि सोंडेचे टोक त्या खाचेत बसते. सोंड खाचेवर घासली की चिरचिर आवाज निघतो. सावज पकडले की हा किडा सोंड त्याच्या अंगात खुपसतो आणि आपली लाळ आत सोडतो. त्या लाळेने सावज लुळे पडते, त्याचे आतले मांस विरघळते आणि मग किडा ते शोषून घेतो.

पिएर लात्रेय या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८०७ साली हे कुल वेगळे मांडले. आज जगात त्याच्या सुमारे सात हजार जाती ज्ञात आहेत. तमिळनाडूतील पाळयंकोट्टै येथील प्राध्यापक डन्स्टन अ‍ॅम्ब्रोज यांनी २००६ साली भारतातील यादी प्रसिद्ध केली. तीत १४ उपकुले, १४४ प्रजाती आणि ४६४ जाती आहेत.

एका कुलात किती तऱ्हा!

एका उपकुलातले किडे काडीसारखे बारीक, पाय दोऱ्यासारखे. ऑस्ट्रेलियातला असा एक किडा कोळ्याच्या जाळ्यावर जाऊन धागे हलवतो. सावज अडकले असे समजून कोळी जवळ येतो आणि स्वतःच सावज होतो. दुसऱ्या उपकुलातले किडे पावसाळ्यात दिसणाऱ्या वाणी किड्यावर, ज्याला कोणी पैसाही म्हणतात, त्याच्यावर जगतात. अकँथास्पिस प्रजातीची पिल्ले अंगावर धूळमाती आणि शोषून टाकलेल्या मुंग्यांची कलेवरे वागवत फिरतात. जावा बेटातल्या एका जातीच्या पोटाखालून असा रस पाझरतो की तो चाटायला मुंगी येते आणि चाटता चाटता गुंगते. मध्य अमेरिकेतल्या कोस्टारिकात एक जात वाळवीच्या वारुळाच्या भोकापाशी मेलेली वाळवी धरून बसते. ती ओढून न्यायला दुसरी वाळवी आली की तिलाही बाहेर खेचते.

पुढचे पाय चिमट्यासारखे असलेले, फुलांवर दबा धरून बसणारे काही ढेकूण पूर्वी स्वतंत्र कुल म्हणून गणले जात. नंतर बारकाईने तपासले तेव्हा ते याच कुलातले ठरले. शास्त्रज्ञांनी जुनी मांडणी बदलली. पुरावा आला की पोथी बदलायची, ही शास्त्राची रीत आहे.

भिंतीच्या भेगेतला शत्रू

याच कुलात रक्त पिणाऱ्यांचे एक उपकुल आहे, ट्रायटोमिनी. त्यात सुमारे दीडशे जाती आहेत आणि बहुतेक अमेरिका खंडातल्या. ब्राझीलमध्ये रेल्वेचे काम करणाऱ्या मजुरांतला मलेरिया आवरण्यासाठी डॉ. कार्लोस चागास यांना लासान्स गावी पाठवले होते. तेथे कुडाच्या आणि मातीच्या भिंतींच्या भेगांत हे ढेकूण दिवसा लपत व रात्री झोपलेल्या माणसाच्या तोंडाला चावत. म्हणून लोक त्यांना न्हावी म्हणत. १९०९ साली चागास यांनी एका लहान मुलीच्या रक्तात नवा जंतू शोधला. तो चाव्यातून शिरत नाही. तो ढेकणाच्या विष्ठेत असतो आणि खाजवताना जखमेत किंवा डोळ्यात जातो. कित्येक वर्षांनी काही रोग्यांचे हृदय निकामी होते. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाने आजही सुमारे ७० लाख लोकांना हा रोग आहे, आणि मुख्यतः गरिबांना.

गरिबांनाच का? त्यांचे रक्त वेगळे नाही, त्यांच्या भिंतींना भेगा होत्या. १९९१ साली दक्षिण अमेरिकेतील सहा देशांनी एकत्र मोहीम घेतली. घरोघर फवारणी केली, दवाखान्यात द्यायचे रक्त तपासले. मुख्य ढेकणामुळे होणारा प्रसार उरुग्वेत १९९७ साली आणि ब्राझीलमध्ये २००६ साली थांबल्याचे जाहीर झाले. दैवावर सोडलेला रोग असा माणसांनी हटवला.

या उपकुलातले थोडे ढेकूण भारतातही आहेत, पण त्या रोगाचा जंतू अमेरिका खंडातला आहे. तेव्हा आपण घाबरण्याचे कारण नाही.

कपाशीतला मित्र

आपल्याकडे शेतात सापडणारा ऱ्हायनोकोरिस हा लाल-काळा मारेकरी ढेकूण कपाशी, तूर, भुईमूग यांवर येतो. घाटेअळी आणि पाने खाणारी अळी ही त्याची शिकार. कपाशीचा रस पिणारा लाल ढेकूणही रंगाने तसाच, म्हणून गफलत होते. पण त्या शत्रूची सोंड सरळ, चार पेरांची असते आणि डोक्यामागे पांढरी पट्टी असते. मित्राची सोंड आखूड आणि वाकडी असते. मात्र त्याला हाताने धरू नये. चावला तर फार आग होते.

फवारणीचे औषध ही खूण पाहत नाही, ते दोघांनाही मारते. आणि पाठीवर पंप घेणाऱ्या मजुरालाही सोडत नाही. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन सुमारे वीस शेतकरी व शेतमजूर दगावले. हा किडा एकटा सगळी कीड आवरेल असे आम्ही म्हणत नाही. पण शेतात मित्र किती आणि शत्रू किती हे आधी मोजले, तर एखादी फवारणी वाचते. त्यात मालकाचा पैसा वाचतो आणि आपल्या माणसाचा जीव.

खूण दाखवा

शाळेच्या पुस्तकात किड्यांच्या प्रकारालाही जाती म्हणतात आणि माणसांच्या उतरंडीलाही जात. शब्दाच्या या सारखेपणाने मुले फसतात. किड्याची जात भिंगाखाली कोणालाही तपासता येते. सोंडेची पेरे मोजणारा कोणत्या घरात जन्मला याने उत्तर बदलत नाही. माणसाची जात कोणत्या भिंगातून दिसते? बाबासाहेबांनी १९३६ साली 'ॲनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये स्पष्ट केले की जातिव्यवस्था एकाच वंशाच्या माणसांची केलेली सामाजिक विभागणी आहे.

घरातल्या मुलामुलींना साधे भिंग घेऊन द्या. रविवारी विहारात वंदना झाली की आवारातल्या झाडाझुडपांखाली त्यांना किडे पाहू द्या, सोंड पाहू द्या, पाय मोजू द्या, वहीत चित्र काढू द्या. मग कोणी त्यांना जातीची गोष्ट सांगू लागला, तर ती मुले विचारतील, "खूण दाखवा."