चार्ल्स बर्नेट : पाहण्यातली बांधिलकी

दलित पँथरने १९७२ साली आपले नाव अमेरिकेतील ब्लॅक पँथरवरून घेतले. कृष्णवर्णीयांचे साहित्य आपल्या चळवळीने आपुलकीने वाचले. त्यांच्या चित्रपटाकडे मात्र त्या मानाने कमी लक्ष दिले. म्हणून चार्ल्स बर्नेट यांचा परिचय करून घेणे अगत्याचे आहे.

१९४४ साली मिसिसिपीत जन्मलेले बर्नेट लॉस एंजेलिसमधील वॉट्स या कृष्णवर्णीय वस्तीत वाढले. १९६५ साली वॉट्स पेटले आणि बाहेरच्या जगाला ही वस्ती केवळ दंगलीपुरती ठाऊक झाली. कॅलिफोर्निया विद्यापीठात चित्रपट शिकताना बर्नेट यांनी कामगारांवरचे चित्रपट पाहिले. त्यांत प्रश्न सुबकपणे मांडला जाई आणि संघटना झाली की सुटे. हॉलिवूड त्याच सुमारास कृष्णवर्णीय नायकांचे मारधाडपट काढत होते. वस्तीतला माणूस दोन्हीकडे नव्हता.

तो 'किलर ऑफ शीप' (१९७७) मध्ये आला. लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन सारे बर्नेट यांचे. खर्च दहा हजार डॉलरांच्या आत. चित्रण बहुतेक सुटीच्या दिवशी. कलावंत बरेचसे वस्तीतलेच. नायक स्टॅन कत्तलखान्यात मजुरी करतो. त्याला झोप येत नाही. कोणी गरीब म्हटले की तो चिडतो. एकदा तो आणि त्याचा मित्र पैसे मोजून मोटारीचे जुने इंजिन विकत घेतात, धापा टाकत जिन्यावरून उतरवतात, गाडीच्या कडेवर ठेवतात. गाडी सुरू होताच इंजिन रस्त्यावर पडून फुटते. दोघे निघून जातात. कॅमेरा मागे पडत जाणाऱ्या इंजिनाकडे पाहत राहतो.

हा माहितीपट नव्हे; प्रसंग लिहिलेले आहेत. तरीही निवेदक नाही, उपदेश नाही, तोडगा नाही. याला तटस्थता म्हणणे चूक ठरेल. श्रम कसे वाया जातात हे बर्नेट सांगत नाहीत, ते आपल्याला त्या इंजिनाचे वजन जाणवू देतात. शोषिताला दयेचा विषय न करता त्याचा थकवा, हट्ट आणि विनोद यांसह पाहणे, हीच येथे बांधिलकी आहे.

किंमतही मोजावी लागली. चित्रपटातील गाण्यांचे हक्क विकत घेणे परवडले नाही, त्यामुळे चित्रपटगृहांत तो रीतसर आला २००७ साली. मधल्या काळात त्यांनी 'माय ब्रदर्स वेडिंग' (१९८३) आणि 'टू स्लीप विथ अँगर' (१९९०) केले. सन्माननीय ऑस्कर मिळाले २०१७ साली.

आज आपल्या वस्त्यांतील तरुणांच्या हाती कॅमेरा आहे. अत्याचार घडला की तो धावतो, आणि धावलाच पाहिजे. पण अत्याचाराची बातमी नसलेल्या दिवशीही वस्ती जगत असते. तो दिवस आपण टिपला नाही, तर आपली ओळख आपल्यावर झालेल्या जुलमापुरतीच उरेल.