बंडखोर, गुप्तहेर आणि कोकेन

बेळगावहून खानापूर, लोंढे ओलांडून कॅसल रॉकला पोचले की सह्याद्रीचा कडा लागतो. १९६१ सालापर्यंत या कड्याखाली पोर्तुगिजांचे राज्य होते. लोंढ्यासच १९४६ साली नॅशनल काँग्रेस, गोवा ही संस्था स्थापन झाली. नोव्हेंबर १९५५ पासून डिसेंबर १९६१ पर्यंत वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी आधी आंबोलीच्या आणि पुढे कॅसल रॉकच्या रानातून गुप्त नभोवाणी केंद्र चालविले. त्याच काळात याच डोंगरांतून गोव्यातील स्वस्त सोने, घड्याळे आणि विलायती दारू चोरून वर येत असे. स्वातंत्र्यसैनिक निराळे, चोरटे व्यापारी निराळे. दोघांची सरमिसळ करणे हा अन्याय होईल. परंतु सरहद्दीचा एक स्वभाव मात्र येथे स्पष्ट दिसतो. रात्रीची वाट, ती जाणणारा वाटाड्या आणि न विचारता आसरा देणारे घर यांची गरज बंडखोराला असते तशीच चोरट्या व्यापाऱ्यालाही असते. या दोघांत एखाद्या बलाढ्य राष्ट्राचे गुप्तहेर खाते येऊन उभे राहिले म्हणजे काय होते, याचा दाखला निकाराग्वाच्या यादवी युद्धात मिळतो.

मध्य अमेरिकेतील या लहानशा देशात जुलै १९७९ मध्ये सँडिनिस्टा क्रांतिकारकांनी सोमोझा घराण्याची सत्ता उलथून टाकली. नवे सरकार डाव्या विचारांचे. अमेरिकेचे अध्यक्ष रेगन यांनी १९८१ च्या अखेरीस त्याच्या विरोधकांना गुप्त साहाय्य करण्यास मंजुरी दिली. हे विरोधक म्हणजेच 'काँट्रा'. होंडुरास आणि कोस्टा रिका या शेजारी देशांत त्यांचे तळ होते आणि त्यांच्या पाठीशी सी.आय.ए. हे अमेरिकेचे गुप्तहेर खाते होते. अमेरिकन काँग्रेसला हा उद्योग रुचला नाही. ऑक्टोबर १९८४ मध्ये तिने काँट्रांना लष्करी मदत देण्यास पूर्ण बंदी घातली. युद्ध चालू आणि तिजोरी बंद, अशा अवस्थेत खाजगी विमाने, खाजगी कंपन्या आणि आडरानातल्या धावपट्ट्या यांचे महत्त्व एकदम वाढले.

कोकेनचे गणित येथेच जुळते. निपाणीच्या वखारी पाहिलेल्या वाचकाला पानाचे धन कसे होते हे समजावून सांगण्याची गरज नाही. पण तंबाखूचे बोद वाहायला गाड्या लागतात. तो माल लपविणे कठीण. दक्षिण अमेरिकेतील कोकाच्या पानांतून निघणारी पांढरी पूड मात्र वजनाला हलकी आणि किमतीला अवाढव्य. शस्त्रे घेऊन दक्षिणेकडे गेलेले विमान रिकामे परतावे, हे वैमानिकाला नुकसानीचे वाटणारच. शिवाय गुप्त कार्याचे विमान म्हटले की जकातीचा अंमलदारही फारसे डोकावत नाही, असा अनेकांचा समज होता.

डिसेंबर १९८५ मध्ये असोसिएटेड प्रेसच्या रॉबर्ट पॅरी आणि ब्रायन बार्जर या वार्ताहरांनी काँट्रांचा कोकेन-व्यापाराशी संबंध असल्याचे वृत्त प्रथम दिले. सिनेटर जॉन केरी यांच्या उपसमितीने त्याची चौकशी केली. एप्रिल १९८९ च्या तिच्या अहवालात एक आकडा आहे, तो ध्यानात ठेवण्याजोगा आहे. काँट्रांना अन्नवस्त्र पोचविण्यासाठी अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने ज्या कंपन्यांना पैसे दिले, त्यांपैकी चार कंपन्या मादक द्रव्यांच्या व्यापाऱ्यांच्या होत्या; त्यांना ८ लाख ६ हजार डॉलरहून अधिक रक्कम मिळाली. काहींवर तर त्याआधीच खटले दाखल झाले होते!

या अहवालाने फारसे कोणी दचकले नाही. गदारोळ झाला तो ऑगस्ट १९९६ मध्ये. कॅलिफोर्नियातील 'सॅन होझे मर्क्युरी न्यूज' या दैनिकात गॅरी वेब यांची लेखमाला आली. डॅनिलो ब्लँडन आणि नॉर्विन मेनेसिस या निकाराग्वाच्या दोन व्यापाऱ्यांनी लॉस एंजेलिसमधील रिक रॉस यास कोकेन पुरविले आणि नफ्याचा वाटा काँट्रांकडे गेला, असे तीत मांडले होते. शब्द पुष्कळसे सावध होते, पण बोधचित्रात नशा करणारा माणूस सी.आय.ए.च्या मुद्रेवर चितारला होता. लोकांनी चित्र वाचले. कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांत संताप उसळला. त्या वर्षीच्या नोव्हेंबरात सी.आय.ए.चे प्रमुख जॉन डॉइच यांना लॉस एंजेलिसमधील एका शाळेत जाऊन क्षुब्ध नागरिकांच्या प्रश्नांना तोंड द्यावे लागले. मोठ्या वृत्तपत्रांनी मात्र वेब यांच्यावर टीकेची झोड उठविली. मे १९९७ मध्ये त्यांच्याच संपादकांनी लेखमालेतील उणिवा जाहीरपणे मान्य केल्या, आणि वर्षअखेरीस वेब त्या पत्रातून बाहेर पडले.

मग खरे काय? सी.आय.ए.चे महानिरीक्षक फ्रेडरिक हिट्झ यांनी १९९८ मध्ये दोन खंडांत अहवाल दिला. खात्याने स्वतः कोकेन आणविले किंवा तसा कट केला, याचा पुरावा त्यांना आढळला नाही. वेब यांच्या वाचकांपैकी अनेकांचा समज येथे टिकत नाही. परंतु ज्यांच्यावर या व्यापाराचे आरोप होते अशा काँट्रा-समर्थकांशी असलेले संबंध खात्याने वेळीच आणि सातत्याने तोडले नाहीत, हेही हिट्झ यांनी मान्य केले. याहून बोलका होता तो १९८२ चा करार. ॲटर्नी जनरल आणि सी.आय.ए. यांच्यातील या समझोत्यानुसार, खात्याचे नोकर नसलेल्या हस्तकांचे मादक द्रव्यांचे गुन्हे कायदा खात्यास कळविण्याचे बंधन सी.आय.ए.वर नव्हते. हा नियम १९९५ मध्ये बदलला. कट करण्याची गरजच नव्हती. न पाहण्याची मुभा लेखी मिळालेली होती.

ब्लँडन १९९२ मध्ये पकडला गेला आणि सुमारे २८ महिन्यांत सुटला. नंतर तो सरकारच्याच अमली पदार्थविरोधी खात्याचा पगारी खबऱ्या बनला आणि त्याच्याच मदतीने रचलेल्या सापळ्यात रिक रॉस अडकला. रॉसला १९९६ मध्ये जन्मठेप झाली. पुढे शिक्षा कमी होऊन तो २००९ साली बाहेर आला. गॅरी वेब यांचे डिसेंबर २००४ मध्येच निधन झाले होते.