प्रसूती आणि रजोनिवृत्ती : खानदेशातील स्त्रीजीवनाच्या अभ्यासातील एक प्रश्न

जळगाव व धुळे जिल्ह्यांच्या ग्रामीण जीवनात बाळंतपणाभोवती विधींची दाटी आहे; रजोनिवृत्तीभोवती मात्र तशी विधींची दाटी नाही. महाराष्ट्रात इतरत्रही असेच आढळते. हा भेद कशामुळे, असा मानवशास्त्रापुढील प्रश्न आहे.

पहिल्या बाळंतपणास लेक माहेरी येते. सुईण, बाज, शेकशेगडी, ओव्याची धुरी, डिंकाचे लाडू हा सारा परिवार परिचित आहे. पाचव्या वा सहाव्या रात्री सटवाई बालकाचे विधिलिखित मांडते ह्या समजुतीने तिची पूजा होते आणि सव्वा महिन्यानंतर बाळंतीण घरात पूर्ववत वावरू लागते. व्हान जेनेप ह्याने १९०९ साली संक्रमणविधींची वियोग, मध्यावस्था व पुनःप्रवेश अशी जी तीन अंगे सांगितली, ती येथे स्पष्ट दिसतात. २००५ च्या जननी सुरक्षा योजनेनंतर प्रसूती रुग्णालयाकडे अधिक वळली. तरी पुढचा सव्वा महिना घराकडेच राहिला.

रजोनिवृत्तीस असा क्षणच नाही. बारा महिने पाळी न आल्यावर ती झाली असे मागाहून कळते. जिचा दिवस सांगता येत नाही तिचा विधी कोणत्या दिवशी करावयाचा? ‘पाळी गेली’ एवढ्या बोलण्यावर विषय संपतो.

परंतु विधी नाही म्हणून अर्थ नाही, असे नव्हे. मार्शा फ्लिंट हिने राजस्थान व हिमाचल प्रदेशातील राजपूत स्त्रियांचा अभ्यास करून १९७५ साली असे मांडले की, पडद्याचे बंधन सुटत असल्याने ह्या स्त्रियांना रजोनिवृत्ती लाभदायक वाटते व त्यांच्या तक्रारीही अल्प असतात. हे स्पष्टीकरण खानदेशास जसेच्या तसे लावणे धाडसाचे होईल. कापसाच्या व केळीच्या शेतात आयुष्यभर राबणाऱ्या कुणबी वा लेवा पाटीदार स्त्रीला मुळात पडदा कोठला? तिचा लाभ निराळा : पाळीमुळे पूजेपासून दूर बसण्याचा नियम जेथे पाळतात, तेथे कानबाईच्या रोटांच्या दिवशी तिची अडचण उरत नाही. हा लाभही सर्वांना सारखा नाही. विधवेचा विटाळ संपला तरी सवाष्णीचा मान तिला परत मिळत नाही. शिवाय शरीराचा अनुभव केवळ दर्जावरून ठरत नाही. मार्गारेट लॉक हिने १९९३ साली जपानी व उत्तर अमेरिकन स्त्रियांच्या तुलनेतून दाखविले की, अंगातून वाफा येण्याचे प्रमाणही समाजागणिक बदलते.

गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियेने मात्र ह्या अखेरीस निश्चित तारीख येते, तीही पुष्कळदा अकाली. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाने २०१५–१६ पासून ह्या शस्त्रक्रियेची विचारणा केली, हे योग्यच झाले. तथापि त्या सर्वेक्षणात स्त्रियांची मुलाखत १५ ते ४९ ह्या वयांतच घेतली जाते. पन्नाशीत पाळी गेलेली स्त्री त्यात येतच नाही. तिचा अनुभव नोंदवावयाचा तर अहिराणी वा तावडी बोलीत तिच्यापाशी बसून विचारावे लागेल, आणि विचारणारी बहुधा स्त्रीच असावी लागेल.