पाळतीवरचं घर

यवतमाळकडच्या शेतकऱ्याच्या घरात दोन वस्तू हमखास सापडतात: बैलांचा कासरा आणि पऱ्हाटीवर फवारायच्या औषधाचा डबा. विषालाही तिकडे औषधच म्हणतात. गावात कुणी जीव दिला की घरातल्या बाईची नजर या दोन वस्तूंवरून हलत नाही. सतीश मनवर यांचा ‘गाभ्रीचा पाऊस’ हा 2009 चा चित्रपट या नजरेतून उभा राहिला आहे.

शेजारचा शेतकरी आत्महत्या करतो आणि किस्ना या शेतकऱ्याची बायको अलका धसका घेते. उद्या आपल्या घरी हेच झालं तर? ती लहानग्या दिनूला बापाच्या मागावर लावते, सासूलाही लक्ष ठेवायला सांगते. चुलीवर किस्नाच्या आवडीचं शिजू लागतं. किस्नाला मात्र मरायचंच नाही. त्याला पेरायचं आहे. सगळं घर आपल्या जिवावर पहारा देतंय याचा त्या बिचाऱ्याला पत्ताच नसतो आणि प्रेक्षक हसू लागतो. गिरीश कुलकर्णी, सोनाली कुलकर्णी आणि ज्योती सुभाष यांनी हे हसू कुठेही सवंग होऊ दिलेलं नाही. ते भीतीच्या पोटातून आलेलं आहे, म्हणून ते घशात अडकतं.

‘गाभ्री’ ही वऱ्हाडी शिवी. ज्याच्यावाचून चालत नाही त्यालाच ती हासडायची, हा तिकडच्या बोलीचा स्वभाव. मृगाच्या भरवशावर सरकी टोबायची, पावसानं दडी मारली की अंकुर जळायचे, मग उधारीनं बियाणं आणून दुबार पेरणी, तीही गेली तर तिबार. कोरडवाहू कापसाचं सारं गणित या दोन-तीन आठवड्यांत बसतं किंवा मोडतं. चित्रपटातला पाऊस म्हणूनच निव्वळ देखावा नाही. घरातल्या माणसासारखी त्याची वाट पाहिली जाते आणि त्याचा रागही येतो.

हा चित्रपट ज्या काळातून आला तो आठवायला हवा. जुलै 2006 मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग यांनी यवतमाळसह विदर्भातल्या सहा जिल्ह्यांसाठी 3,750 कोटींचं पॅकेज जाहीर केलं. आत्महत्येनंतर मिळणारी एक लाखाची मदत मात्र ‘पात्र’ ठरलेल्या कुटुंबालाच. सातबाऱ्यावर नाव हवं, कर्जाचा कागद हवा. दुसऱ्याची जमीन ठेक्यानं कसणारा इथेच बाद होई. 2010 च्या ‘पीपली लाइव्ह’ या हिंदी चित्रपटाने या मदतीच्या रकमेवरच गोष्ट रचली. त्यात आपण पुढाऱ्यांना आणि वाहिन्यांना हसतो. ते हसणं सोपं आहे, कारण ती माणसं परकी आहेत. मनवर आपल्याला अलकाच्या स्वयंपाकघरात बसवतात, तिथून उठून जाता येत नाही. मला त्यांचं काम अधिक मोलाचं वाटतं.

अलकाची भीती जिथे खरी ठरली, तिथल्या बायका पुढे स्वतःच रंगमंचावर आल्या. श्याम पेठकर यांनी लिहिलेल्या आणि हरीश इथापे यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘तेरवं’ या नाटकात आत्महत्या केलेल्या शेतकऱ्यांच्या पत्नींनी भूमिका केल्या. त्यांतल्याच वैशाली येडे, कळंब तालुक्यातल्या राजूरच्या. जानेवारी 2019 मध्ये यवतमाळला भरलेल्या 92 व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनात उद्घाटक म्हणून बोलावलेल्या लेखिका नयनतारा सहगल यांचं निमंत्रण रद्द झालं, तेव्हा उद्घाटनाचा मान या शेतकरी बाईला मिळाला. पाळत ठेवूनही ज्यांचा माणूस गेला, त्यांच्यातली एक जण त्या दिवशी साऱ्या महाराष्ट्राशी बोलली.

‘गाभ्रीचा पाऊस’ रॉटरडॅमच्या महोत्सवात दाखवला गेला. तो कापसाच्या गावांतही पोचायला हवा. दिवाळीच्या सुमारास सीतादहीची पूजा करून कापसाची वेचणी सुरू होते, संध्याकाळी माणसं पारावर जमतात. गावोगावच्या वाचनालयांनी आणि गणेश मंडळांनी एक पडदा बांधून तो दाखवावा. बायकांना पुढच्या रांगेत बसवावं आणि सिनेमा संपल्यावर आधी त्यांना बोलू द्यावं.