‘कॅश’ दोन, ‘चिट’ तीन

बँकेच्या काउंटरवर दिवसभर कानी पडणारा शब्द म्हणजे ‘कॅश’. त्याचे मूळ इटालियन ‘कासा’, अर्थात पैशांची पेटी. परंतु इंग्रजी शब्दकोशात याच उच्चाराचा आणखी एक ‘कॅश’ स्वतंत्र नोंदीत आढळतो. तो तमिळ ‘कासु’वरून, पोर्तुगीजांच्या तोंडून इंग्रजीत आला. कंपनी सरकारच्या मद्रासमधील हिशेबात ८० कॅशचा एक फनम आणि ४२ फनमचा एक पॅगोडा होत असे. १८१८ मध्ये रुपया आला व ती नाणी मागे पडली. चेन्नईकर मात्र पैशाला आजही ‘कासु’च म्हणतात.

‘चिट’चे प्रकरण अधिक नाजूक आहे. शब्दकोशातील एक ‘चिट’ म्हणजे उद्धट पोर, दुसरी आपल्या चिठ्ठीचाच इंग्रजी अवतार. (फसवणुकीचा ‘चीट’ निराळाच!) चेन्नईच्या बोलीत मात्र ‘चिट’ म्हणजे भिशीच्या जातकुळीतील चिट फंड. सभासद दरमहा ठरावीक रक्कम भरतात. लिलावात जो सर्वाधिक रकमेवर पाणी सोडतो, त्याला उरलेली रक्कम मिळते. सोडलेली रक्कम चालकाचे कमिशन वजा जाता सभासदांत वाटली जाते. ‘पैसे चिटमध्ये आहेत’ हे ऐकून नवख्या मराठी माणसाने ती मुदत ठेव समजू नये. बँकेतील ठेवींना ५ लाख रुपयांपर्यंत विम्याचे संरक्षण असते, चिटला ते नसते. १९८२ च्या चिट फंड कायद्यानुसार तिची नोंदणी झाली आहे काय, याची खात्री पहिला हप्ता भरण्यापूर्वीच चिट निबंधकांच्या कार्यालयात करून घ्यावी.