उसाचा मांडव, बोरांचा आहेर

सोलापूर जिल्ह्यातल्या मोडनिंबात तुळशीच्या लग्नाला मामा शोधावा लागत नाही, तो शेतातून तोडून आणतात. ऊस हा तुळशीचा मामा, नवरीच्या पाठीशी त्यानेच उभं राहायचं, अशी रीत आहे. उजनी धरणाचं पाणी फिरल्यापासून माढा तालुक्यात मामांची वानवा उरलेली नाही.

मात्र मामा निवडताना चोखंदळपणा चालतो. सरळ, किडीचं भोक नसलेला, हातात जड लागणारा ऊस बुडाशी कोयत्याने तोडतात. पाचट काढून टाकायचं, पण शेंड्याचं हिरवं वाढं ठेवायचं, कारण मांडवाचं छत त्याचंच होतं. वृंदावनाच्या चारी कोपऱ्यांना ऊस उभे करायचे आणि वाढी वर एकत्र बांधायची. एरवी ही वाढी बैलांच्या वैरणीत जातात. याच दिवसांत गाळपाचा हंगाम सुरू होत असतो. पिंपळनेरच्या विठ्ठलराव शिंदे सहकारी साखर कारखान्यासारख्या कारखान्यांकडे ट्रॉल्या निघालेल्या असतात. उसाच्या फडांतले चार-पाच ऊस लग्नाला वळतात, बाकीचे वजनकाट्यावर.

मुहूर्त पंढरपूरच्या पाठोपाठ येतो. कार्तिकी एकादशीला विठोबाच्या दारी गर्दी लोटते आणि दुसऱ्या दिवसापासून, म्हणजे द्वादशीपासून पौर्णिमेपर्यंत, तुळशीची लग्नं लागतात. मोडनिंब पंढरपूरच्या वाटेवरच आहे. बार्शी लाइट रेल्वेची छोटी गाडी 1906 साली कुर्डुवाडीहून पंढरपूरला पोचली तेव्हापासून वारकरी या स्टेशनातून जात-येत आले. पुणे-सोलापूर महामार्गही गावाला लागूनच. एकादशीचा उपास सोडून माणसं घरी येतात ती थेट लग्नघरात.

दुपारी वृंदावन धुऊन निघतं. गेरूचा हात फिरतो आणि वाळलेल्या गेरूवर चुन्याने ‘राधा-दामोदर प्रसन्न’ अशी अक्षरं उमटतात. नवरीचा साज मोजका असतो: हिरव्या बांगड्या, काळ्या मण्यांची पोत, खणाचा तुकडा, झेंडूची माळ. बागकाम करणाऱ्याला मात्र आधी दिसतात त्या मंजिऱ्या. कार्तिकात तुळस मंजिऱ्यांनी लगडलेली असते. त्या वेळीच खुडल्या तर पालवी टिकते. बी धरू दिलं तर झाड थकतं आणि थंडीत पानं गाळायला लागतं. म्हणजे जिला वर्षभर देवासाठी खुडलं, तिचं लग्न लागतं ती अगदी बी धरायच्या वेळी. एका झाडाचं लग्न ठरवायला याहून चांगली तिथी कुणी शोधली नसती.

दिवेलागणीला घरातला पितळी बाळकृष्ण पाटावर बसतो. मध्ये अंतरपाट येतो; तो धरायचा मान पोरांचा, आणि धरताना ती हसू आवरत नाहीत. मंगलाष्टकं पाठ असणारं कुणी गल्लीत सापडतंच, नाही तर मोबाइल आहेच. ‘सावधान’ झालं की अक्षता पडतात, तांदळाच्या किंवा जोंधळ्याच्या. आवळ्याचा गर कोरून त्यात तुपाची वात लावतात.

या सोहळ्यामागची कथा तशी गोड नाही. जालंधराची बायको वृंदा पतिव्रता. तिचं व्रत मोडायला विष्णू नवऱ्याचं रूप घेऊन आला. फसवणूक कळल्यावर तिने त्याला दगड होण्याचा शाप दिला. तो झाला शाळिग्राम आणि ती झाली तुळस. नेपाळातल्या गंडकी नदीत सापडणारे हे काळे दगड म्हणजे कोट्यवधी वर्षांपूर्वीच्या सागरी शंखप्राण्यांचे जीवाश्म. मांडवात या कथेची वाच्यता फारशी होत नाही, आणि ते शहाणपणाचंच आहे.

आहेर मांडला की मोडनिंबचा खरा माल पुढे येतो. चिंच, आवळा आणि बोरं. तुळशीचं लग्न लागेपर्यंत यातलं काही तोंडात घालायचं नाही, असा जुना दंडक. फळ हिरवट असताना ओरबाडणाऱ्या पोरांना आवरायला तो बरा पडत असावा. या भागातली नावाजलेली उमराण बोरं उशिरा पिकतात. लग्नात येतात ती गावठी किंवा हळव्या जातीची, निम्मी हिरवी.

मोडनिंबचं नाव बोरांच्या बाजाराशी जोडलेलं आहे, आणि त्या बाजारातल्या जवळजवळ प्रत्येक फळामागे झाडांचा आणखी एक विवाह असतो. त्याला अक्षता नाहीत, चाकू लागतो. गावठी बोराचं बी जागेवरच किंवा पिशवीत लावतात, कारण त्याचं सोटमूळ खोल जातं आणि उपटून लावताना तुटलं तर रोप दगावतं. याच मुळाच्या जोरावर बोर अवर्षणात तगतं. रोपाचा खुंट पेन्सिलीएवढा झाला की पावसाळ्यात त्यावर उमराणासारख्या जातीचा डोळा भरतात. खुंटाच्या सालीचा लहानसा चौकोन काढायचा, डोळाकाडीवरून तेवढाच चौकोन डोळ्यासकट अलगद सोलायचा आणि ठिगळासारखा बसवायचा. डोळा उघडा ठेवून वर-खाली प्लॅस्टिकची पट्टी घट्ट आवळायची. सालीखालचा ओलसर थर थराला भिडला तरच जोड धरतो. कापलेली जागा वाळू द्यायची नाही, म्हणून हात चपळ हवा. डोळा फुगून फुटला की त्याच्या वरचा गावठी शेंडा छाटून टाकतात.

इथे काम संपत नाही. खालून गावठी फुटवे येतच राहतात. ते वेळोवेळी काढले नाहीत तर खुंट वरचढ होतो, भरलेला डोळा मागे पडतो आणि चार वर्षांनी शेतकऱ्याच्या हाती येतात बारीक, आंबट बोरं. नांदवणं लग्न लावण्यापेक्षा अवघड, हे बोराच्या बागेत फिरताना शब्दशः दिसतं.

लाक्षणिक लग्नांचं सोलापूर जिल्ह्याला अप्रूप नाही. संक्रांतीच्या सुमारास खुद्द सोलापुरात सिद्धेश्वराच्या योगदंडाशी कुंभारकन्येचा विवाह लागतो, नंदीध्वज निघतात, हजारो माणसं अक्षता टाकतात. तुळशीचं लग्न त्यापुढे अगदी घरगुती. आरती, दोन-चार फटाके, हातावर चुरमुरे-बत्तासे आणि उसाचे करवे. पौर्णिमा उलटली की घरातल्या उपवर मुलामुलींच्या तारखा निघतात आणि कार्यालयांचे भाव चढतात.

बोरं त्यानंतर जोरात येतात. फळ संपल्यावर झाड पानं गाळतं, आणि उन्हाळ्यात बागेवर अशी जड छाटणी होते की नवख्याला झाडं मेलीच वाटावीत. पण बोर नव्या फुटीवरच फळतं, त्यामुळे मागच्या वर्षीच्या फांद्यांचा लोभ धरून चालत नाही. पहिल्या पावसाच्या सुमारास त्या ओंडक्यांतून लांब, कोवळ्या काड्या निघतात. पुढच्या खुंटांवर भरायचे डोळे शेतकरी त्यांच्यातूनच निवडून घेतो.