मदिन्याचा काळा दगड आणि आपला काळा दगड

उम्र्याहून परतलेल्यांना भेटायला गेलो की हातावर खजूर आणि प्याल्यात झमझम येते, आणि मग तिकडच्या गोष्टी सुरू होतात. मागच्या वर्षी शेजारच्या खालांकडे असेच बसलो होतो. खाला म्हणाल्या, "सर, मदिन्याबाहेरची जमीन पाहिली का तुम्ही? मैलोन् मैल काळी. आपल्या खाणीतली खडी पसरून ठेवावी तशी." त्यांचा आठवीतला नातू लगेच म्हणाला, "दादी, तिथे ज्वालामुखी होता का?" खाला दचकल्या. "तौबा कर बेटा! मदिन्यात कसला आलाय ज्वालामुखी?"

मुलाने आमच्याकडे पाहिले. आम्ही त्याला सांगितले की तुझा प्रश्न बरोबर आहे आणि दादींची नजरही पक्की आहे. मदिन्याभोवतीची ती काळी जमीन आणि आपल्या सह्याद्रीचा काळा दगड एकाच जातीचा आहे. त्याचे नाव बेसाल्ट. दोन्ही जमिनीतून वितळून वर आले आणि थिजले. हे कसे घडते, ते त्या दिवशी सांगायचे राहिले, म्हणून आज लिहीत आहोत.

हर्रा म्हणजे काय?

अशा काळ्या, खडबडीत दगडांच्या माळाला अरबीत हर्रा म्हणतात. मदिन्याच्या पूर्वेला एक हर्रा आहे, पश्चिमेलाही एक आहे. मदिन्याच्या हरमची हद्द सांगताना हदीसमध्ये याच दोन काळ्या जमिनींचा उल्लेख येतो. हिजरी ५ मध्ये खंदक खोदला गेला तो शहराच्या उत्तरेला, कारण घोडदळाला मोकळी वाट तिथूनच होती. बाकीच्या बाजूंना हर्ऱ्याचे टोकदार दगड, खजुरांच्या बागा आणि दाट वस्ती होती. म्हणजे आपण लहानपणापासून सीरतमध्ये ज्या मदिन्याचे वर्णन वाचतो, त्याची ठेवणच या थिजलेल्या लाव्ह्याने ठरवली आहे.

हे माळ ज्या मोठ्या लाव्हाक्षेत्राचा भाग आहेत त्याला हर्रत रहात म्हणतात. मदिन्यापासून दक्षिणेकडे ते सुमारे ३०० किलोमीटर पसरले आहे.

जमिनीखाली आगीचा समुद्र आहे का?

शाळेत हा प्रश्न विचारला की बहुतेक मुले "हो" म्हणतात. मोठ्यांचीही तीच समजूत असते. रशियातल्या एका खोल विवरातून जहन्नममधल्या किंकाळ्या ऐकू आल्या, असा संदेश कुटुंबाच्या व्हॉट्सॲप गटांत अधूनमधून फिरतो. विवर खरे आहे, किंकाळ्या खोट्या आहेत. कोला द्वीपकल्पावर रशियन शास्त्रज्ञांनी १९७० मध्ये खोदकाम सुरू केले आणि १९८९ मध्ये १२,२६२ मीटर खोली गाठली. तिथे आगीचा समुद्र लागला नाही. लागला तो अपेक्षेपेक्षा गरम खडक, आणि तोही घनच. खबर आली की आधी तिची खातरजमा करा, अशी ताकीद सूरह हुजुरातमध्ये आहे. ती अशा संदेशांनाही लागू आहे.

मग दगड वितळतो कुठे? जमिनीच्या वरच्या थराला भूकवच म्हणतात. खंडांखाली ते साधारण ३५ ते ४० किलोमीटर जाडीचे असते. त्याखाली सुमारे २,९०० किलोमीटर खोलीपर्यंत प्रावरण आहे. प्रावरणाच्या वरच्या भागातही शंभरेक किलोमीटर खोल गेल्यावर तापमान १,३०० अंश सेल्सिअसच्या घरात असते. एवढ्या उष्णतेत तो खडक आपल्या अंगणात ठेवला तर वितळू लागेल. तिथे मात्र तो घनच राहतो, कारण वरच्या खडकांचा प्रचंड दाब त्याला वितळू देत नाही.

घरातला प्रेशर कुकर आठवा. उघड्या पातेल्यात पाणी १०० अंशांना उकळते. कुकरमध्ये दाब असल्याने ते १२० अंशांच्या आसपास जाते. अशा वेळी दाब न उतरवता कोणी झाकण काढले तर आतले पाणी क्षणात भसकन उसळून अंगावर येते. त्या क्षणी आच कोणी वाढवलेली नसते, फक्त दाब गेलेला असतो. दगडाचेही तसेच आहे. प्रावरणातला गरम खडक हळूहळू वर सरकला की त्याच्यावरचा दाब कमी होतो आणि त्याचा थोडासा भाग वितळतो. हा वितळलेला भाग म्हणजे शिलारस. तो भोवतालच्या खडकापेक्षा हलका असतो, म्हणून फटी शोधत वर चढतो. जमिनीबाहेर आला की त्यालाच लाव्हा म्हणतात.

अरबस्तान आणि आफ्रिका एकमेकांपासून दूर सरकत आहेत. त्यांच्यामध्ये तांबडा समुद्र उघडला तो याच ताणाने. पश्चिम अरबस्तानाखाली गरम खडक वर येत राहिला, त्यातून शिलारस तयार झाला आणि तिथले हर्रे बनले.

सगळे ज्वालामुखी फुटत नाहीत

ज्वालामुखी म्हटले की मुले वहीत उंच शंकू काढतात आणि वर राखेचा ढग. बेसाल्टचा स्वभाव तसा नाही. त्याच्या शिलारसात सिलिका सुमारे ५० टक्केच असते आणि तो १,१०० ते १,२०० अंश इतका गरम असतो. त्यामुळे तो पातळ असतो आणि काकवीसारखा वाहतो. शिलारसात पाण्याची वाफ आणि इतर वायू विरघळलेले असतात, बंद बाटलीतल्या सोड्यासारखे. वर येताना दाब उतरला की त्यांचे बुडबुडे होतात. घट्ट, चिकट शिलारसात ते अडकतात आणि मग भयंकर स्फोट होतो. पातळ बेसाल्टमधून ते बऱ्यापैकी सुटून जातात. म्हणून जमिनीला लांब भेग पडते, तिच्यातून तापलेल्या लाव्ह्याची कारंजी उडतात, भेगेवर छोट्या टेकड्या तयार होतात आणि बाकीचा लाव्हा उताराने वाहत जातो.

हिजरी ६५४ ची आग

हे सगळे मदिन्याच्या लोकांनी डोळ्यांनी पाहिले आहे. हिजरी ६५४ मध्ये जमादिउल आखिरच्या सुरुवातीला, म्हणजे जून १२५६ च्या अखेरीस, शहराला भूकंपाचे धक्के बसू लागले. शिलारस वर चढताना खडक फोडत येतो, त्याची ती चाहूल होती. ५ तारखेला, जुम्याच्या दिवशी, शहराच्या आग्नेयेला हर्ऱ्यात जमीन फाटली. दोन किलोमीटरांहून लांब भेगेतून आग उसळली. लोक मस्जिदे नबवीत जमले, रडले, तौबा आणि इस्तिगफार केला. मदिन्याच्या अमीरांनी गुलाम मुक्त केले.

उद्रेक ५२ दिवस चालला. लाव्ह्याची नदी सुमारे २३ किलोमीटर वाहिली आणि शहरापासून १० किलोमीटरांच्या आत आली. पण जमिनीचा उतार उत्तरेकडे होता, म्हणून ती पूर्वेच्या बाजूने वळून निघून गेली आणि मदिना बचावला.

हिजाजमधून एक आग निघेल आणि तिच्या उजेडात बुसरा इथल्या उंटांच्या मानाही उजळतील, या आशयाची हदीस बुखारी आणि मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आहे. त्या काळी दमिश्कमध्ये असलेल्या इमाम नववींनी मुस्लिमच्या शरहमध्ये आपल्या काळातल्या या आगीची नोंद केली. मदिन्याहून आलेली पत्रे दमिश्कचे इतिहासकार अबू शामा यांनी आपल्या ग्रंथात उतरवून ठेवली.

ही गोष्ट ऐकून खालांच्या नातवाने विचारले होते, "सर, मग ती अल्लाहची निशाणी होती की दाब कमी झाल्यामुळे आली?" बरीच मुले हे मनात ठेवतात, विचारत नाहीत. मग त्यांना वाटू लागते की विज्ञानाच्या तासाला एक खरे आणि मदरशात दुसरे. आम्ही त्याला म्हणालो, "बेटा, पाऊस ढगातून येतो हे तुला ठाऊक आहे, तरी तू त्याला अल्लाहची रहमत म्हणतोस ना? तसेच हे." त्या काळच्या लोकांनी दुआ केली आणि त्याच हातांनी तारीख, वार आणि आगीची दिशाही लिहिली. आज भूशास्त्रज्ञ तो लाव्हा मोजतात तेव्हा त्या पत्रांचा आधार घेतात.

अशी माहिती माणसे वाचवू शकते. २००९ मध्ये मदिन्याच्या वायव्येला हर्रत लुनय्यिरमध्ये एप्रिल ते जून या काळात हजारो धक्के बसले. १९ मे रोजी सर्वांत मोठा, ५.४ तीव्रतेचा भूकंप झाला आणि जमिनीला सुमारे ८ किलोमीटर लांब भेग पडली. खाली शिलारस चढत असल्याचे ओळखून सरकारने अल-ईस भागातली तीस हजारांहून अधिक माणसे आधीच हलवली. त्या वेळी शिलारस वर पोचलाच नाही, खालीच थांबला. धोका टळल्यावर लोक घरी परतले.

आपल्या दारातला दगड

आपला दख्खनचा दगडही असाच भेगांमधून आला, फक्त फार पूर्वी आणि फार मोठ्या प्रमाणावर. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी थरावर थर लाव्हा पसरत गेला. आजही त्याने सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर भूभाग व्यापला आहे. सह्याद्रीच्या पायऱ्यांसारख्या कड्यांत ते थर मोजता येतात. दौलताबादचा किल्ला याच दगडात कोरलेला आहे आणि विजापूरचा गोल घुमट याच दगडाने बांधलेला आहे. मुलांनी "आपल्याकडे पुन्हा आग निघेल का?" म्हणून घाबरू नये. तो लाव्हा पुरवणारा खोलवरचा उष्ण भाग आता दूर हिंदी महासागरात रियुनियन बेटाखाली आहे. आपला भूपट्ट त्याच्यापासून केव्हाच उत्तरेकडे सरकला.

घराच्या जोत्यातला किंवा कुंपणाच्या भिंतीतला एखादा काळा दगड मुलांना दाखवा. त्यावर बारीक छिद्रे दिसली तर ती त्या सोड्याच्या बुडबुड्यांची जागा आहे. आणि घरातले कोणी उम्र्याला निघाले तर हर्ऱ्याचा फोटो आणायला सांगा. दगड नको, कारण हरमची माती-दगड बाहेर नेणे अनेक उलमांनी नापसंत केले आहे. फोटो आला की तो आपल्या दगडाशेजारी ठेवून मुलांना विचारा, यांच्यात सारखे काय आहे. खालांच्या नातवाने तेच केले. त्याची वही आता आमच्या वर्गात फिरते आहे, आणि यंदा हजला निघालेल्या त्याच्या मामूंना त्याने आणखी फोटोंची फर्माईश करून ठेवली आहे.